परफॉर्मन्सचं चित्रीकरण आणि व्हिडिओ परफॉर्मन्स: कृपा करून एक समजू नका

नाटक आणि परफॉर्मन्स यांतला फरक इथे उगाळत बसत नाही. नट भूमिका करतो, परफॉर्मन्स करणारी कलावंत स्वतःचं शरीर घेऊन उभी राहते; मराठी वाचकाला एवढं पुरे. खरा घोटाळा पुढे आहे. पडद्यावर एखादी कलावंत काही करताना दिसली, की सरसकट ‘परफॉर्मन्सचा व्हिडिओ’ म्हणून मोकळं व्हायचं. प्रदर्शनातल्या पाट्यांवरही तेच. मला याचा मनापासून राग येतो.

आधी परफॉर्मन्सचं चित्रीकरण: कलावंत रुम्माना हुसेन यांचं ‘लिव्हिंग ऑन द मार्जिन्स’ घ्या. १९९५ साल, मुंबईचं एनसीपीए हे कलाकेंद्र. पायांत घुंगरू, हातात अर्धी कापलेली पपई, तोंड किंकाळी फोडल्यासारखं उघडं पण आवाज नाही, अशा त्या चालत राहिल्या. बाबरी मशीद पाडली गेल्यावर त्यांचं कामच बदललं. मुसलमान स्त्री म्हणून स्वतःचं शरीर त्यांनी कलेत आणलं. त्या १९९९ मध्ये गेल्या, म्हणून त्या परफॉर्मन्सचं चित्रीकरण फार मोलाचं. तरीही ती नोंदच. कॅमेरा नसता तरी घुंगरू वाजलेच असते.

आता व्हिडिओ परफॉर्मन्स, म्हणजे कॅमेऱ्यातूनच घडणारा परफॉर्मन्स: अमेरिकन कलावंत जोन जोनास यांचं ‘व्हर्टिकल रोल’. १९७२, कृष्णधवल, जेमतेम वीस मिनिटं. जुन्या टीव्हीवर चित्र सरकत राहायचं, मधून काळा पट्टा फिरायचा आणि घरातलं कुणीतरी उठून बटण पिळायचं, आठवतंय? त्या बिघाडालाच ‘व्हर्टिकल रोल’ म्हणतात. जोनास यांनी तो मुद्दाम ठेवला. एका कॅमेऱ्याचं चित्र मॉनिटरवर असं सरकत ठेवलं आणि दुसरा कॅमेरा त्या मॉनिटरवर रोखला. चमचा ठोकल्याचा कर्कश आवाज पट्ट्याच्या फेऱ्यांशी ठेका धरतो. पाय उडी मारतात ते त्या पट्ट्यावरून मारल्यासारखे वाटतात. मुखवटा, नाचाचा पोशाख, हात, पोट, सगळं तुकड्यातुकड्यांनी. बाईचं शरीर सलग म्हणून हाती लागतच नाही. टीव्हीने बाईची जी प्रतिमा करून ठेवली, तिची ही चिरफाड आहे आणि ती मॉनिटरच्या काचेवरच घडते. खोलीत जोनास यांच्या शेजारी उभं राहून तुम्हाला यातलं काहीच दिसलं नसतं. ‘कॅसेट खराब आहे’ म्हणून लोक उठून जातात, तेव्हा जीव कळवळतो.

म्हणून पडद्यासमोर उभं राहिलात की एवढंच विचारा: कॅमेरा काढून घेतला तर काय उरतं? नाटकाचं शूटिंग आणि सिनेमा यांत आपण कधी गल्लत करत नाही, मग इथेच का?

आणि ‘व्हर्टिकल रोल’ शेवटपर्यंत बघा. अगदी अखेरीस जोनास यांचा चेहरा मॉनिटर आणि दुसऱ्या कॅमेऱ्याच्या मधे येतो. मागे चित्र सरकतच असतं. चेहरा मात्र सरकत नाही.