नीना सिमोन

सिमोन, नीना : (२१ फेब्रुवारी १९३३ – २१ एप्रिल २००३). अमेरिकन गायिका, गीतकार व पियानोवादक. मूळ नाव यूनिस कॅथलीन वेमन. तिची ओळख जॅझ गायिका अशी रूढ झाली असली, तरी ती स्वतःला ते बिरुद लावून घेत नसे. आपले संगीत हे कृष्णवर्णीयांचे अभिजात संगीत आहे, असे ती सांगे. हा केवळ शब्दाचा आग्रह नव्हता. ब्लूज, गॉस्पेल, लोकगीत किंवा नाटकातले एखादे हलकेफुलके गाणे असो, तिच्या हाताखाली त्याची बांधणी बाख या जर्मन अभिजात संगीतरचनाकाराच्या शिस्तीने होई, आणि हे लक्षात घेतल्याशिवाय तिच्या गायनाची उंची नीट कळत नाही.

तिचा जन्म नॉर्थ कॅरोलायना राज्यातील ट्रायन या लहान गावी झाला. आठ भावंडांत ती सहावी. आई मेथडिस्ट पंथाची धर्मोपदेशक होती, तर वडील मंदीच्या काळात मिळेल ते काम करून घर चालवत. चर्चमध्ये प्रार्थनागीतांना साथ करणाऱ्या या मुलीची तयारी पाहून म्युरिएल मॅझानोविच या इंग्लंडहून आलेल्या शिक्षिकेकडे तिची शिकवणी सुरू झाली, आणि पुढे तिच्या शिक्षणासाठी गावाने वर्गणीही काढली. अकरा-बारा वर्षांची असताना तिचा गावात पियानोवादनाचा कार्यक्रम झाला. पहिल्या रांगेत बसलेल्या तिच्या आईवडिलांना गोऱ्या श्रोत्यांसाठी उठवून मागे पाठवले जात आहे, हे तिने पियानोजवळूनच पाहिले. ती उठून उभी राहिली आणि ते दोघे पुन्हा समोर बसल्याखेरीज आपण वाजवणार नाही, असे तिने सभागृहाला सांगितले. त्यांना पुन्हा पुढे आणून बसवल्यानंतरच कार्यक्रम झाला.

न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉल या प्रतिष्ठित संगीतसभागृहात अभिजात पियानोवादन करणारी पहिली कृष्णवर्णीय स्त्री व्हावे, हे तिचे स्वप्न होते. १९५० मध्ये न्यूयॉर्कच्या जूलियार्ड या संगीतशिक्षण संस्थेत काही काळ शिकून तिने फिलाडेल्फियाच्या कर्टिस या संगीतसंस्थेसाठी प्रवेशपरीक्षा दिली. मात्र १९५१ मध्ये तिला प्रवेश नाकारण्यात आला. वर्णामुळेच आपल्याला डावलले, अशी तिची अखेरपर्यंत खात्री होती. त्याच संस्थेतील व्लादिमीर सोकोलोफ यांच्याकडे ती खाजगीरीत्या शिकत राहिली, आणि त्या शिकवणीचा खर्च भागवण्यासाठी १९५४ मध्ये तिने अटलांटिक सिटीतील एका बारमध्ये पियानो वाजवण्याची नोकरी धरली. गाणार नसशील तर काम नाही, असे मालकाने बजावल्यामुळे ती गाऊ लागली. असले संगीत सैतानाचे मानणाऱ्या आईला हे कळू नये म्हणून तिने नाव बदलले. ‘नीना’ हा ‘लहान मुलगी’ या अर्थाचा स्पॅनिश शब्द, आणि ‘सिमोन’ हे फ्रेंच अभिनेत्री सिमोन सिन्योरे हिच्यावरून घेतलेले.

अमेरिकन संगीतकार गर्श्विन याच्या ऑपेरातील (संगीतनाट्यातील) ‘आय लव्ह्ज यू, पोर्गी’ या गाण्याने १९५९ मध्ये तिला देशभर नाव मिळाले. पहिल्या ध्वनिमुद्रिकेचे सर्व हक्क मात्र तिने ३,००० डॉलरला देऊन टाकले होते, आणि या व्यवहाराची सल तिला आयुष्यभर राहिली. त्याच ध्वनिमुद्रिकेत ‘लव्ह मी ऑर लीव्ह मी’ हे जुने गाणे आहे. ते ठेक्यावर झुलत सुरू होते. मग गाणे थांबते आणि पियानोचे दोन हात दोन स्वतंत्र सुरावटी घेऊन एकमेकांचा पाठलाग करू लागतात. ठेका जॅझचा, पण विणकाम थेट बाखचे. जोडकामाचा सांधा कुठेही दिसत नाही. तिचा आवाज खर्जाकडे झुकणारा, किंचित खरखरीत होता. शांततेचा वापर ती स्वरासारखाच करी. श्रोत्यांत कुजबुज असेल तर वादन थांबवून ती वाट पाहत बसे.

१९६३ च्या जूनमध्ये मिसिसिपीत नागरी हक्क चळवळीचे नेते मेडगर एव्हर्स यांची हत्या झाली, आणि सप्टेंबरमध्ये अलाबामातील बर्मिंगहॅम येथे चर्चमधील बॉम्बस्फोटात चार मुली मृत्युमुखी पडल्या. संतापाच्या भरात सिमोन घरीच बंदूक तयार करायला बसली होती. तुला मारण्यातले काही कळत नाही, तुझ्याकडे संगीत आहे, असे पतीने म्हटल्यावर ती पियानोकडे वळली आणि तासाभरात तिने ‘मिसिसिपी गॉडॅम’ लिहिले. चाल नाटकातल्या उडत्या गाण्यासारखी, शब्द मात्र निखाऱ्यासारखे. या विसंगतीतच गाण्याची धार आहे. दक्षिणेतील काही रेडिओ केंद्रांनी त्यावर बंदी घातली. नाटककार लोरेन हॅन्सबेरी हिच्या मैत्रीने तिची राजकीय जाण पक्की झाली होती. ‘फोर विमेन’ (१९६६) मध्ये तिने चार कृष्णवर्णीय स्त्रियांची चित्रे रेखाटली. मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर तिसऱ्याच दिवशी, ७ एप्रिल १९६८ रोजी, तिच्या वाद्यवृंदातील बासवादक जीन टेलर याने रचलेले शोकगीत तिने मंचावर गायले. हॅन्सबेरीच्या स्मरणार्थ तिने ‘टू बी यंग, गिफ्टेड अँड ब्लॅक’ या गाण्याला संगीत दिले, आणि ते चळवळीचे गाणे बनले.

या भूमिकेची व्यावसायिक किंमत तिने मोजली. पती व व्यवस्थापक अँड्र्यू स्ट्राउड याच्या मारहाणीविषयी तिने आत्मचरित्रात लिहिले आहे. तो विवाहही पुढे संपला. सत्तरच्या दशकात तिने अमेरिका सोडली आणि बार्बाडोस, लायबेरिया, स्वित्झर्लंड, नेदरलँड्स, फ्रान्स अशी तिची भटकंती झाली. आर्थिक ओढाताण आणि मनोविकार यांनी ही वर्षे खडतर केली. १९८७ मध्ये एका अत्तराच्या जाहिरातीत तिचे पहिल्या ध्वनिमुद्रिकेतले ‘माय बेबी जस्ट केअर्स फॉर मी’ वापरले गेले, आणि एक नवी पिढी तिच्याकडे वळली.

दक्षिण फ्रान्समधील कारी-ल-रुए येथे तिचे निधन झाले. त्याच्या दोनच दिवस आधी कर्टिस संस्थेने तिला सन्माननीय पदवी दिली होती. २०१८ मध्ये तिचा रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला. ट्रायनमधील तिचे जन्मघर मोडकळीस आले होते. २०१७ मध्ये चार कृष्णवर्णीय कलावंतांनी ते विकत घेतले आणि त्याच्या जतनाचे काम सुरू झाले.