स्टुअर्ट हॉल यांच्या विचारामागचं जमैका

अस्मिता हा पूर्वजांनी पुरून ठेवलेला आणि आपण उकरून काढायचा ठेवा नसतो, ती इतिहासात घडत राहते. जमैका या कॅरिबियन बेटावर जन्मलेले, ब्रिटनमध्ये नावाजलेले संस्कृतीचे अभ्यासक स्टुअर्ट हॉल यांचं १९९०च्या ‘कल्चरल आयडेंटिटी अँड डायस्पोरा’ (सांस्कृतिक अस्मिता आणि मायदेशाबाहेर विखुरलेले समाज) या निबंधातलं हे म्हणणं ऊठसूट उद्धृत होतं. जमैका वगळून वाचलं, तर ते फारच गुळगुळीत वाटतं.

हॉल १९३२ साली किंग्स्टनमध्ये जन्मले. वडील युनायटेड फ्रूट कंपनीत नोकरीला, घर मध्यमवर्गीय. तिथल्या वसाहती समाजात गोरे आणि काळे एवढ्यावर भागत नसे. कातडीची छटा, केसांचा पोत, घराणं, शिक्षण यांवरून पायरी ठरे. घरात हॉल सगळ्यांत काळे. पाळण्यातलं बाळ पाहून उजळ वर्णाच्या बहिणीने विचारलं, हे ‘कुली’ पोर कुठून आणलं? १८३८मध्ये गुलामगिरीचा शेवट झाल्यावर १८४५पासून हिंदुस्थानातून करारावर मजूर आणले गेले, त्यांना उद्देशून वापरायची ही शिवी. पुढे याच बहिणीचं बार्बाडोसच्या एका शिकाऊ डॉक्टरवर प्रेम बसलं. मुलगा मध्यमवर्गीय, पण काळा. आईवडिलांनी मोडता घातला. ती मनाने खचली, तिला विजेचे झटके देण्यात आले. वसाहत माणसाच्या आत शिरते म्हणजे काय, हे हॉल यांनी घरातच पाहिलं.

१९५१मध्ये ते ऑक्सफर्डला गेले. जमैकन, त्रिनिदादी, बार्बाडियन हे बेटाबेटांचे भेद इंग्रजांच्या लेखी नव्हतेच, सगळे ‘वेस्ट इंडियन’. गंमत म्हणजे मायदेशातही बहुसंख्य लोक स्वतःला ‘काळे’ म्हणवू लागले ते १९७०च्या दशकात, स्वातंत्र्यानंतर (१९६२) बऱ्याच उशिरा. अमेरिकेतला नागरी हक्कांचा लढा, रास्ताफारी हा आफ्रिकेकडे डोळे लावलेला जमैकन धर्मपंथ आणि रेगे हे तिथलं संगीत यांनी तो शब्द उच्चारण्याजोगा केला. आफ्रिका तोवर भाषेत, ढोलात, पूजाविधीत होती, फक्त नाव घेतलं जात नव्हतं. मात्र जिथून पूर्वजांना नेलं ती आफ्रिकाही दरम्यान बदलली, तिथे जसंच्या तसं परतता येत नाही, हे हॉल बजावतात.

मार्टिनिकचे एमे सेझेर आणि सेनेगलचे लिओपोल्ड सेंघोर या कवींकडून घेतलेली कल्पना वापरून ते कॅरिबियन अस्मितेत तीन अस्तित्वं मांडतात: दडपलेलं आफ्रिकी, सतत बोलणारं युरोपीय आणि सगळे जिथे येऊन भिडले ते अमेरिकी (म्हणजे अमेरिका हा देश नव्हे, कॅरिबियनसह सगळं ‘नवं जग’). भारतीय, चिनी, लेबनानी यांचा उल्लेख ते ओझरता करून तूर्तास बाजूला ठेवतात. जमैकापुरतं हे खपून जातं. पण त्रिनिदाद आणि गयानात भारतीय वंशाचे लोक सर्वांत मोठ्या गटांपैकी आहेत, तिथे ही त्रिसूत्री तोकडी पडते.