कोळशी : रोग की माशी?

नागपूर जिल्ह्यातल्या काटोल-नरखेडकडच्या संत्र्याच्या बागेत आजही 'कोळशी आली' म्हणतात आणि ऐकणारा मान डोलावतो. आला तो रोग की कीड, हे मात्र कुणी विचारत नाही. सगळा घोळ इथूनच सुरू होतो.

पानाफळांवर चढणारा काजळीचा थर ही बुरशी. ती झाडाच्या आत शिरत नाही. काळ्या माशीची पिल्लं पानाच्या मागच्या बाजूनं रस शोषतात, त्यांनी टाकलेल्या गोड चिकट्यावर ती वाढते. चिकटा नसेल तर कोळशीही नाही. तरी 'कोळशी रोग' हे नाव छापून आलं, रुळलं, आणि दुकानात पान दाखवणाऱ्याच्या हाती बुरशीनाशक पडू लागलं. काळे धुवायचे, माशी तशीच. एका शब्दानं इतकी वर्षं खर्च करायला लावला असेल, असं दुसरं उदाहरण मला तरी आठवत नाही.

माशी मुळात आशियातली. गेल्या शतकाच्या सुरुवातीला ती कॅरिबियन बेटांवर पोचली. तिथं तिचा शत्रू नव्हता, म्हणून ती बेफाम वाढली. १९३० मध्ये मलायातून आणलेल्या इवल्याशा परोपजीवी गांधीलमाशीनं क्युबात तिला आवरलं. मेक्सिकोच्या कोरड्या हवेत गांधीलमाशीची ती जात टिकेना, तेव्हा १९४९-५० च्या सुमारास शोध आला भारत-पाकिस्तानात. इथून गेलेल्या जातींनी तिथलं काम केलं. त्यातली अमायटस ही गांधीलमाशी, काळी माशी दाट असते तेव्हा झपाट्यानं वाढते, आणि काळ्या माशीची संख्या घटली की एन्कार्सिया ही दुसरी गांधीलमाशी तिची जागा घेते. विरळ झालेली माशीही ती शोधून काढते, त्यामुळे दाब टिकतो.

म्हणजे मेक्सिकोला जे नेऊन दिलं, ते आपल्या झाडांवर मुळातच होतं. मग विदर्भात उद्रेक का? माझ्या मते मोठा वाटा फवाऱ्याचा. सगळ्याच किड्यांना मारणारी औषधं माशीच्या पिलांआधी तिच्या शत्रूंना संपवतात. पिल्लं पानाखाली चिकटलेली, मेणाच्या कडेत सुरक्षित. गांधीलमाशी मात्र उघड्यावर हिंडते. वर्षात माशीच्या तीन पिढ्या, प्रत्येक नवतीबरोबर, म्हणजे कोवळ्या पालवीबरोबर, एक. शत्रू गेले की पुढची पिढी मोकळी सुटते. फवारणी थांबवा म्हटलं की बागवान विचारतो, 'आणि आंबिया बहार गेला तर?' प्रश्न चुकीचा नाही, पण पान काळं झाल्यावर मारलेला फवारा उशिराचाच असतो. फवारायचंच तर निम्म्या अंड्यांतून पिल्लं निघाल्यावर, पानाच्या मागच्या बाजूवर.

त्याआधी एक पान उलटं करून भिंगाखाली धरा. काळ्या, काटेरी कोषावर टी आकाराची चीर असेल तर माशी उडाली. गोल भोक असेल तर आतून गांधीलमाशी बाहेर पडली आहे.