मुंबई-पुण्यातील पुस्तकांची दुकाने : स्वतंत्र आणि साखळी

मालक स्वतः गल्ल्यावर बसतो ते स्वतंत्र दुकान. एकाच नावाच्या शाखा गावोगावी असतात ते साखळी दुकान. वाचकाच्या दृष्टीने दोघांतला फरक, पुस्तक कोण निवडतो, हा आहे.

मुंबईतील स्वतंत्र दुकानाचे ठळक उदाहरण म्हणजे स्ट्रँड बुक स्टॉल. टी. एन. शानभाग यांनी १९४८ मध्ये कुलाब्याच्या स्ट्रँड सिनेमाच्या आवारात तो सुरू केला. पुढे तो फोर्टात आला. जागा अगदी लहान, पण किमतीवर हमखास सूट. चर्चगेटजवळच्या सुंदराबाई हॉलमधील त्यांच्या सेलला लोक पिशव्या घेऊनच जात. कोणाला काय आवडते हे शानभागांच्या ध्यानात असे आणि स्ट्रँडची खरी पुंजी तीच होती. २००३ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. मराठीत हेच काम मॅजेस्टिक बुक स्टॉलच्या केशवराव कोठावळे यांनी केले. 'मॅजेस्टिक गप्पां'मुळे लेखक-वाचक समोरासमोर आले.

पुण्याच्या अप्पा बळवंत चौकाची रीत वेगळी. तिथे बहुतेक दुकानांत गिऱ्हाईक काउंटरच्या अलीकडे उभे राहते, नाव सांगते आणि मुलगा माळ्यावरून पुस्तक काढून देतो. जूनमध्ये पाठ्यपुस्तकांसाठी रस्ता तुंबतो. नाव ठाऊक असेल त्याचे काम इथे झटपट होते. काय वाचावे हेच ज्याला शोधायचे आहे, त्याची मात्र पंचाईत होते.

ही उणीव क्रॉसवर्डने भरून काढली. १९९२ मध्ये मुंबईत सुरू झालेल्या या साखळीत हवा तितका वेळ पुस्तक चाळावे, कोणी हटकत नसे. मुले जमिनीवर फतकल मारून वाचत. हे श्रेय साखळीला द्यायलाच हवे. मात्र मोठ्या जागेचे भाडे निघावे म्हणून खेळणी आणि स्टेशनरी वाढत गेली, आणि मराठी पुस्तकांच्या वाट्याला जागा थोडीच आली.

फ्लिपकार्ट २००७ मध्ये पुस्तकविक्रीनेच सुरू झाले, २०१३ मध्ये ॲमेझॉन आले. सवलतीची चढाओढ लहान दुकानांना झेपेना. पुण्याचे मॅनीज हे दुकान २०१२ मध्ये बंद झाले, शानभागांच्या निधनानंतर नऊ वर्षांनी, २०१८ मध्ये, स्ट्रँडही. साखळीही यातून सुटली नाही: २०२१ मध्ये क्रॉसवर्डची मालकी शॉपर्स स्टॉपकडून पुण्याच्या गुप्ता कुटुंबाकडे गेली.

तरी स्वतंत्र दुकाने संपलेली नाहीत. फोर्टातच फ्लोरा फाउंटनजवळ सोमय्या भवनात किताब खाना हे असे दुकान आहे. डिसेंबर २०२० च्या आगीत आणि ती विझवताना मारलेल्या पाण्यात तिथली असंख्य पुस्तके गेली. २०२१ मध्ये दुकान पुन्हा उघडले. इंग्रजीबरोबर मराठी, हिंदी आणि गुजराती पुस्तकेही तिथे मिळतात.