आठव्या जनरेटरला पाणी का येत नाही?

सोलापुरात वाढलेल्या माणसाला पाण्याचं गणित वेगळं शिकवावं लागत नाही. चार-पाच दिवसांआड पाणी सुटतं, गल्लीच्या तोंडाशी बादल्या भरून वाहतात आणि टोकाच्या घरात नळ नुसता फुसफुसतो. तरी ‘सॅटिस्फॅक्टरी’ गेममध्ये पहिलं वीजघर उभारताना मी नेमका तिथेच फसलो.

कॉफी स्टेन या स्वीडिश स्टुडिओचा हा गेम. परग्रहावर खाणी खणायच्या, कारखाने उभे करायचे. त्यातला कोळशाचा जनरेटर ७५ मेगावॉट वीज देतो (आपल्या आहेरवाडीच्या औष्णिक केंद्राच्या १३२० मेगावॉटची बरोबरी करायला असे अठरा लागतील) आणि मिनिटाला ४५ घनमीटर पाणी पितो. पाणी उपसणारं यंत्र मिनिटाला १२० घनमीटर देतं. मी तीन यंत्रं बसवली आणि आठ जनरेटर. आवक ३६०, गरजही ३६०. हिशेब चोख! सगळं एका पाइपला जोडलं. थोड्या वेळात सातवा धापा टाकू लागला, आठवा बंद. वीज कमी पडून फ्यूज उडाला. उपसायंत्रंही त्याच विजेवर, त्यामुळे पाणी थांबलं आणि उरलेले जनरेटरही गेले. मग पालापाचोळा जाळणाऱ्या बर्नरवर यंत्रं पुन्हा सुरू करण्यासाठी मी अंधारात पानं गोळा करत हिंडलो.

चूक पाइपात होती. गेममधल्या साध्या पाइपातून मिनिटाला ३०० घनमीटरच जातं. म्हणजे सहा जनरेटर तृप्त, सातव्याला दोन तृतीयांश, आठव्याला ठणठणाट.

कन्व्हेयर बेल्टवर असा घोळ लगेच दिसतो, कारण माल एकाच दिशेने सरकतो. यंत्रमागाच्या कारखान्यात कांड्या कमी पडल्या की कोणता माग उभा राहिला ते दारातूनच कळतं. पाणी मात्र मागेही येतं, हिंदकळतं. पाइप अर्धवट भरलेला असेल तर जास्तच. म्हणून आधी पाइप काठोकाठ भरू द्यायचा, मगच जनरेटर चालू करायचे. संगणकालाही हे हिंदकळणं सोपं जात नाही. ‘फॅक्टोरिओ’ या दुसऱ्या गेममध्ये तर पाइप कुठल्या क्रमाने टाकले यावरही जोडांवरचा प्रवाह बदलायचा. २०२४ च्या २.० आवृत्तीत जोडलेली पाइपलाइन म्हणजे एकच टाकी, असं मानून तो घोळ मिटवला गेला.

पाणी वर चढवण्याच्या बाबतीत गेम वास्तवापेक्षा कडक आहे. साधा पंप २० मीटर चढवतो. शेजारी दुसरा लावला तरी २० च. तो पहिल्याची ताकद संपते तिथे, उंचावर बसवावा लागतो. खऱ्या जगात एकामागे एक जोडलेल्या पंपांच्या दाबाची बेरीज होते.

आडव्या पाइपात मात्र गेम फारच दयाळू. कितीही लांब न्या, दाब घटत नाही. उजनीहून सोलापूरला येणारी जलवाहिनी शंभर किलोमीटरहून लांब आहे. तिथे पाइपाच्या भिंतींशी होणारं घर्षण इंच-इंच दाब खातं. तेवढंच पाणी दुप्पट व्यासाच्या पाइपातून न्या, ही घट साधारण बत्तिसाव्या हिश्श्यावर येते! गल्लीतही तेच: अरुंद पाइप, वाटेत प्रत्येक घराची तोटी, त्यात कुणी थेट लाइनला मोटर लावलेली. टोकाला उरणार काय?

माझा आठवा जनरेटर शेवटी नवा पाइप न आणताच सुरू झाला. दोन यंत्रांचं २४० घनमीटर पाणी एका टोकाने सोडलं, तिसऱ्याचं १२० दुसऱ्या टोकाने. आता कुठल्याच तुकड्यात ३०० च्या वर जात नाही. शहरांच्या पाणीपुरवठ्यातही हीच युक्ती वापरतात: लाइन टोकाशी बंद न ठेवता पुढच्या लाइनला जोडून वेढा पुरा करायचा, म्हणजे घराला दोन्ही बाजूंनी पाणी मिळतं. आमच्या गल्लीची लाइन अजून शेवटच्या घराच्या भिंतीशी संपते.