गोड्या पाण्याच्या मत्स्यालयातील परजीवी

मत्स्यालयातल्या माशांवर जगणारे परजीवी मुख्यतः तीन गटांतले असतात: एकपेशीय जीव, कृमी आणि कवचधारी प्राणी. बहुतेक वेळा ते नव्या माशासोबत किंवा जिवंत खाद्यातून टाकीत येतात. ते लागले की मासा दगडाला अंग घासतो, पर मिटून तळाशी बसतो, पृष्ठभागाशी येऊन धापा टाकतो. पाण्यात अमोनिया वाढला तरी मासा असाच वागतो, म्हणून औषधाची बाटली उघडण्याआधी पाणी तपासावे. शंका उरलीच तर कातडीवरचा चिकट स्राव हलक्या हाताने खरवडून सूक्ष्मदर्शकाखाली पाहणे हा सर्वांत भरवशाचा मार्ग.

सर्वांत जास्त आढळतो तो पांढऱ्या ठिपक्यांचा रोग, मासे पाळणाऱ्यांच्या बोलीत ‘इक’. तो इक्थिओप्थिरियस मल्टिफिलिस या एकपेशीय जीवामुळे होतो. मिठाच्या कणाएवढा प्रत्येक ठिपका म्हणजे कातडीच्या वरच्या थराखाली बसून पोसला जाणारा एक परजीवी. तिथे औषध पोचत नाही. पूर्ण वाढल्यावर तो मासा सोडतो, वाळूला किंवा पानाला चिकटून स्वतःभोवती आवरण तयार करतो आणि आतल्या आत विभागत जातो. एकापासून शेकडो नवे जीव बाहेर पडतात. त्यांना एक-दोन दिवसांत मासा सापडला नाही तर ते मरतात, आणि औषध लागू पडते ते याच पोहणाऱ्या अवस्थेवर. २५° सेल्सिअसच्या आसपास हे चक्र आठवड्याच्या आत पुरे होते. थंड पाण्यात कित्येक आठवडे चालते.

त्यामुळे माशांना सोसत असेल तर तापमान हळूहळू ३०° पर्यंत नेतात. कोमट पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो, म्हणून एअर पंप वाढवावा लागतो. जोडीला लिटरमागे २ ते ३ ग्रॅम मीठ, किंवा मॅलाकाइट ग्रीन आणि फॉर्मॅलिनचे मिश्रण वापरतात. मीठ अनेक पाणवनस्पतींना मानवत नाही. औषध चालू असताना फिल्टरमधला कार्बन काढून ठेवावा, नाहीतर तो औषधच शोषून घेतो. ठिपके दिसेनासे झाले की उपचार थांबवणे ही सर्रास होणारी चूक आहे: तेव्हा रोग गेलेला नसतो, तळाशी उतरलेला असतो. शेवटचा ठिपका गेल्यानंतरही किमान आठवडाभर उपचार चालू ठेवावेत.

अंगावर सोनेरी धूळ बसल्यासारखी दिसली, विशेषतः अंधारात टॉर्चचा तिरपा प्रकाश टाकल्यावर, तर तो ‘व्हेल्वेट’ हा एकपेशीय परजीवीचा रोग. त्यावर तांब्याची औषधे चालतात, पण ती कोळंबी आणि गोगलगायींना मारक ठरतात. कल्ल्यांवरच्या डॅक्टिलोगायरस या चपट्या कृमींवर प्राझिक्वांटेल हे औषध देतात. अंड्यांवर त्याचा भरवसा नसल्याने मात्रा पुन्हा द्यावी लागते. गोल्डफिश आणि कोईच्या अंगातून लोंबणारा दोऱ्यासारखा लर्निया हा कृमी वाटला तरी कवचधारी प्राणी आहे. गप्पीच्या गुदद्वारातून लाल धागे डोकावत असतील तर तो कॅमॅलॅनस हा आतड्यातला कृमी. लेव्हामिसोल या औषधाने तो लुळा पडून बाहेर येतो, आणि लगेच तळ सायफनने उपसावा लागतो. निऑन टेट्राचा रंग उडवणाऱ्या प्लाइस्टोफोरा या एकपेशीय परजीवीवर मात्र खात्रीचा इलाज नाही. आजारी मासा ताबडतोब वेगळा काढावा.

नवा मासा तीन-चार आठवडे स्वतंत्र टाकीत ठेवल्यास यांतले बरेच बाहेरच अडवता येतात. त्या टाकीची जाळी आणि सायफनची नळीही वेगळी असावी, कारण ओल्या जाळीतून परजीवी सहज पलीकडे जातात.