सैनिकी रसद आणि निगा (बेळगाव सीमाभाग)

युद्धकाळात सैन्याला अन्न, पाणी, दारूगोळा, कपडे, औषधे आणि जनावरांचा चारा पोहोचवणे, तसेच आजारी-जखमींना आघाडीवरून मागे आणून बरे करणे, अशी ही दुहेरी व्यवस्था आहे. माल पुढे जातो, माणसे मागे येतात. रस्ता बहुधा एकच असतो, आणि तो तुटला की दोन्ही कामे एकदम अडतात.

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यातील मराठी घरांतून पिढ्यान्‌पिढ्या मुले पलटणीत जात आली आहेत. मराठा पायदळाचे प्रशिक्षण केंद्र 1922 पासून बेळगावात आहे. गावच्या पारावर शौर्यपदकांच्या हकिकती रंगतात. क्वार्टरमास्टरचे, म्हणजे पलटणीचा शिधा-सामान सांभाळणाऱ्याचे, नाव मात्र कोणी काढत नाही. हा अन्यायच म्हणायचा, कारण याच पलटणींनी उपासमार आणि तहान जवळून पाहिली आहे.

रेल्वेपूर्वी या मुलखात मोहिमेचे दिवस पाऊस ठरवी. मृगापासून कृष्णा, घटप्रभा, मलप्रभा, वेदगंगा, दूधगंगा दुथडी भरत आणि काळ्या मातीत गाड्यांची चाके रुतत. दसऱ्याला सीमोल्लंघन करून फौजा निघत त्या नद्या उतरल्यावर आणि रानात गवत तयार झाल्यावर. पुढे घोड्यांसाठी रोज कही, म्हणजे चारा आणायला निघालेली टोळी, लांबवर जाई. धान्य पुरवत ते लमाणांचे तांडे. शेकडो बैलांच्या पाठीवर गोण्या लादून ते फौजेबरोबर चालत आणि रोख दाम देणाऱ्याला धान्य विकत. 1803 साली मराठ्यांवर चालून आलेल्या इंग्रज सेनापती आर्थर वेलस्लीची भिस्तही याच तांड्यांवर आणि म्हैसूरच्या अमृतमहाल बैलांवर होती. इंग्रज इतिहासकार त्याच्या काटेकोरपणाचे कौतुक करतात. ओझे वाहणारी माणसे आणि बैल इथलेच होते, हे मात्र ओघात राहून जाते.

गडांचा हिशेब निराळा. पाण्याची सोय पाहूनच गड बांधावा हा दंडक होता आणि धान्य अंबारखान्यात साठवले जाई. पन्हाळ्यावरची गंगा, यमुना, सरस्वती ही कोठारे अजून उभी आहेत. चिपळूणजवळच्या घोडदळाला शिवाजी महाराजांनी पाठवलेले पत्र हा रसदेवरचा धडाच आहे. पावसाळ्यासाठी ठेवलेला दाणा-वैरण आधीच उधळलात तर घोडी मरतील; मग तुम्ही कुणब्यांच्या घरचे दाणे, भाकरी, गवत ओढून आणाल आणि लोकांना तुमच्यापेक्षा मोगल बरे वाटतील, असे महाराज बजावतात. रात्री दिवा जळता ठेवू नका, उंदीर पेटती वात ओढून नेईल आणि गवताची गंजी जळून जाईल, इतक्या बारकाव्यापर्यंत ते उतरतात.

1818 मध्ये बेळगावचा किल्ला इंग्रजांकडे गेला आणि पुढे इथे छावणी वसली. शहरातल्या कॅम्प भागाचे नाव तेव्हापासूनचे. छावणीचे सामान वेंगुर्ला बंदरात उतरून घाटाने वर येई. 1880च्या दशकात रेल्वे आली आणि हा मार्ग मागे पडला.

डिसेंबर 1915 मध्ये इराकमधील कुत-अल-अमारा येथे जनरल टाउनशेंडची सहावी (पुणे) डिव्हिजन तुर्कांच्या वेढ्यात सापडली. तिच्यात 103, 110 आणि 117 क्रमांकाच्या मराठा पलटणी होत्या. शिधा दर आठवड्याला घटत गेला, शेवटी घोडे आणि खेचरे कापायची वेळ आली. बहुतेक हिंदी शिपायांनी ते मांस नाकारले. धर्मगुरूंच्या परवानग्या बिनतारी संदेशाने मागवल्या, तरी गावी परतल्यावर वाळीत टाकतील, पोराबाळांची लग्ने जमणार नाहीत, ही धास्ती पोटातल्या भुकेपेक्षा मोठी ठरली. परिणाम वैद्यकशास्त्राच्या दृष्टीने विलक्षण होता. मैद्याचा पाव खाणाऱ्या गोऱ्या सैनिकांना बेरीबेरी (ब-1 जीवनसत्त्वाच्या अभावाने नसा दुबळ्या करणारा रोग) झाला, स्कर्व्ही (क जीवनसत्त्वाच्या अभावाचा रोग) फारसा झाला नाही, कारण ते ताजे मांस खात होते. हिंदी शिपायांना कोंड्यासकट आट्याने बेरीबेरीपासून वाचवले, पण मांस नाही, भाजी नाही, म्हणून हिरड्या सुजून रक्त येऊ लागले आणि जखमा भरेनाशा झाल्या. कोणाला काय खायला घालायचे हा प्रश्न केवळ वजनाचा नसतो, हे लष्कराला इथे फार महागात कळले. एप्रिल 1916 मध्ये विमानांतून पिठाची पोती टाकण्यात आली. काही तैग्रिस नदीत पडली, काही तुर्कांच्या हाती गेली. दळण्यासाठी जात्याची तळीसुद्धा पॅराशूटने उतरवली होती. 29 एप्रिलला सुमारे 13,000 जणांनी शरणागती पत्करली. त्याआधी बगदादजवळच्या टेसिफॉनच्या लढाईतले जखमी स्प्रिंग नसलेल्या खेचरगाड्यांत घालून नदीपर्यंत आणले होते. मोडकी हाडे घेऊन त्या खडखडाटात झालेल्या प्रवासाने कित्येकांचा जीव घेतला. या अनागोंदीची चौकशी झाली आणि 1917 मध्ये अहवाल आल्यावर ब्रिटनचे भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला.

मार्च 1944 मध्ये मणिपूरच्या सांगशाक येथे चौथी मराठा पलटण पन्नासाव्या पॅराशूट ब्रिगेडबरोबर अडकली. डोंगरमाथ्यावर पाणी जवळपास नव्हते, आणि विमानांनी टाकलेल्या मालातला बराच भाग जपानी मोर्चांवर पडला. ब्रह्मदेशच्या आघाडीवर खरा शत्रू हिवताप होता. 1943 मध्ये एका जखमीमागे 120 आजारी माणसे मागे पाठवावी लागत, असे या आघाडीवरचे ब्रिटिश सेनापती जनरल स्लिम यांनी नोंदवले आहे. मेपाक्रिन या हिवतापावरच्या औषधाची पिवळी गोळी प्रत्येकाने गिळली की नाही हे पाहण्याची जबाबदारी अधिकाऱ्यांवर टाकली गेली आणि आजाऱ्यांचा आकडा खाली आला.

गोवा मुक्तीच्या वेळी, डिसेंबर 1961 मध्ये, सीमाभाग स्वतःच रसदेचे ठाणे झाला. सतराव्या पायदळ डिव्हिजनची जमवाजमव बेळगाव परिसरात झाली. 63व्या ब्रिगेडने अनमोडच्या बाजूने मोलेम गाठले. प्रतिकार जवळजवळ झालाच नाही. पोर्तुगिजांनी पूल उडवून दिल्यामुळे मात्र तुकड्या नद्यांच्या काठी खोळंबल्या.

आज पुरवठ्याचे काम आर्मी सर्व्हिस कोअरकडे आहे, शस्त्रसामग्रीचे ऑर्डनन्स कोअरकडे. कंपनीत शिधा वाटून घेतो तो क्वार्टरमास्टर हवालदार, स्वयंपाक होतो तो लंगरात. उंच डोंगरावर जिथे गाडी चढत नाही तिथे अजूनही खेचर आणि हमाल. लडाखच्या खिंडी बर्फाने बंद होण्याआधी पुढच्या हिवाळ्याचे रॉकेल, डाळ, पीठ वर नेऊन ठेवावे लागते. तयार खाण्यावर म्हैसूरच्या संरक्षण अन्न संशोधन प्रयोगशाळेत 1961 पासून काम चालते.

घरूनही एक रसद जाते. शेंगदाण्याची चटणी, तंबिटाचे लाडू डब्यात भरून डबा पांढऱ्या कापडात शिवायचा, वर शाईने नंबर, हुद्दा, नाव, पलटण आणि खाली 56 किंवा 99 एपीओ, म्हणजे लष्करी टपाल कार्यालयाचा क्रमांक. पत्त्यात गाव नसते. मुलगा राजस्थानात आहे की सियाचीनला, हे पोस्टमनला कळू नये म्हणूनच ही रीत.

जखमी माणसाचा प्रवास उलट दिशेने सुरू होतो. खिशातली मलमपट्टी सोबत्याने बांधायची, स्ट्रेचरने पलटणीच्या डॉक्टरपर्यंत न्यायचे, तिथून पुढे फील्ड हॉस्पिटल. एप्रिल 1945 मध्ये इटलीतल्या सेनिओ नदीवर शिपाई नामदेव जाधव यांनी दोन जखमी सोबत्यांना एकेक करून पाण्यातून आणि सुरुंगांच्या पट्ट्यातून सुरक्षित जागी आणले, मगच मशीनगनच्या मोर्चांवर हल्ला केला. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. सीमाभागातील जवानांच्या दीर्घ उपचारांचा शेवटचा टप्पा बहुधा पुण्यात असतो. तिथल्या कृत्रिम अवयव केंद्रात पाय बसवले जातात, खडकीत कण्याला इजा झालेल्यांसाठी स्वतंत्र केंद्र आहे. पहिल्या महायुद्धात अपंग झालेल्यांना हातचा धंदा शिकवण्यासाठी 1917 मध्ये मुंबईत सुरू झालेली आणि पुढे खडकीला गेलेली क्वीन मेरीज टेक्निकल इन्स्टिट्यूट हेच काम करत आली आहे.